तरफांचा लाडस्पा प्लगइन : टप्पा दुसरा

सतारीच्या तरफांसारखा झंकार पेटीच्या ध्वनिमुद्रणावर चढवणारे गणित सी++ मध्ये मागच्या टप्प्यात लिहून झाले होते. या महिन्यात त्याची 'एसओ' फाइल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामला चालता चालता जोडून घेता येणारी फाइल, बांधून ती आर्डोर या ध्वनिमुद्रणाच्या प्रोग्राममध्ये चालवायची होती. त्यासाठी मी लाडस्पा निवडले, म्हणजे ध्वनीचे प्लगइन (मोठ्या प्रोग्रामला जोडायचे छोटे पूरक प्रोग्राम) आणि ते चालवणारा प्रोग्राम यांच्यातला एक करार. हा करार २००० सालचा, म्हणजे जुना आहे. पण त्याच्या नंतरच्या एलव्ही२ या करारात प्लगइनची ओळख टर्टल नावाच्या मांडणीतल्या वेगळ्या मजकूर-फाइलींत लिहावी लागते, तर लाडस्पाचा सगळा कारभार फंक्शनांच्या घोषणा असलेल्या एका हेडर फाइलमध्ये आटोपतो, आणि हौशी माणसाला एवढे पुरे असते.

होस्ट, म्हणजे प्लगइन चालवणारा आर्डोरसारखा प्रोग्राम, आपली फाइल डीएलओपन या फंक्शनने मेमरीत घेतो, डीएलसिम या फंक्शनने तिच्यात 'लाडस्पा_डिस्क्रिप्टर' या नावाचे फंक्शन शोधतो आणि त्याला शून्य, एक, दोन असे क्रमांक देत, उत्तरादाखल नल (काहीच नाही) मिळेपर्यंत, आत कोणकोणते प्लगइन आहेत ते विचारतो. हे नाव सापडले नाही, तर ती फाइल लाडस्पाची नव्हेच असे समजून तो पुढे जातो आणि बहुधा तक्रारही करत नाही.

माझ्या बाबतीत नेमके तेच झाले. कंपायलरची एकही सूचना नव्हती, फाइल योग्य फोल्डरमध्ये होती, तरी प्लगइन यादीत येईना. दोन संध्याकाळी पाथ तपासण्यात गेल्यावर फाइलीतली नावे दाखवणाऱ्या 'एनएम' या साधनाला 'डी'चा पर्याय देऊन फाइलीने बाहेरच्यांसाठी खुली केलेली नावे पाहिली, तेव्हा फंक्शनच्या नावाआधी 'झेड १७' आणि शेवटी 'आय' चिकटलेला दिसला. एकाच नावाची फंक्शने वेगळी ओळखता यावीत म्हणून सी++ नावाला अशी शेपटे जोडते: सतरा ही मूळ नावातली अक्षरसंख्या आणि 'आय' म्हणजे इंट, हा पूर्णांकाचा एक प्रकार. हेडरमध्ये या फंक्शनचा आर्ग्युमेंट अनसाइन्ड लाँग या दुसऱ्या पूर्णांक प्रकाराचा आहे आणि घोषणा एक्स्टर्न सी मध्ये, म्हणजे नावाला काही न जोडण्याच्या सूचनेत, गुंडाळलेली आहे. मी मात्र घाईत इंट लिहिले होते. सी++ ला ते त्याच नावाचे दुसरे फंक्शन वाटले, त्यामुळे हेडरमधले संरक्षण त्याला लागू झाले नाही. सी मध्ये हीच चूक कंपायलरने जागच्या जागी पकडली असती. आता माझ्या व्याख्येपुढेही मी एक्स्टर्न सी लिहितो, म्हणजे असा घोटाळा पुन्हा झाला तर निदान एरर तरी येईल.

दुसरी अडचण सुराची होती. प्रत्येक तरफ म्हणजे स्वतःचाच आवाज परत ऐकणारी एक विलंबरेषा असते आणि तिची लांबी सॅम्पल रेटला (सेकंदाला ध्वनीचे जितके नमुने, म्हणजे सॅम्पल, घेतले जातात त्या संख्येला) वारंवारतेने भागून मिळते. काळी एकचा तार षड्ज ५५४.३७ हर्ट्झ धरला, तर ४४,१०० ला भागून ७९.५५ सॅम्पल येतात. मी ते ८० केले, तर तरफ ५५१.२५ हर्ट्झवर बोलू लागली. पेटीचा सूर आणि ही तरफ एकत्र वाजताना सेकंदाला तीन हेलकावे स्पष्ट ऐकू येत होते. खर्जाच्या बाजूला हीच चूक जाणवत नाही, कारण तिथे रेषा लांब असते आणि अर्ध्या सॅम्पलचा फरक तीत बुजून जातो. शेजारच्या दोन सॅम्पलांमधले मूल्य सरळ रेषेने काढल्यावर हेलकावे थांबले.

तिसरी गोष्ट मी स्वतः लिहिलेल्या छोट्या चाचणी होस्टमध्ये दिसली. पेटी थांबून पूर्ण शांतता झाल्यावर साधारण अर्ध्या मिनिटाने, काही वाजत नसताना, प्रोसेसरवरचा भार एकदम चढे. विलंबरेषेतल्या प्रत्येक फेरीला ०.९९५ ने गुणून झंकार विरत जातो. दशांश चिन्हानंतर सदतीस शून्यांच्याही खाली मूल्य गेले की फ्लोट (दशांश संख्या साठवायचा प्रकार) 'डीनॉर्मल', म्हणजे नेहमीच्या मांडणीत न मावण्याइतका लहान, होतो, आणि माझ्या इंटेल प्रोसेसरवर अशा संख्यांचे गणित फारच संथ चालते. वरच्या सुरांच्या तरफा आधी तिथे पोहोचतात, कारण त्यांच्या फेऱ्या सेकंदाला जास्त होतात. आर्डोर प्रोसेसरला अशी मूल्ये शून्य धरायला सांगू शकतो, पण प्रत्येक होस्ट तसे करेलच असे गृहीत धरणे मला पटले नाही. म्हणून अतिसूक्ष्म मूल्य दिसताच प्लगइन स्वतःच ते शून्य करतो.

आता अकराही तरफा सुरात आहेत, मात्र सरळ रेषेच्या अंदाजामुळे वरच्या तारांची चकाकी मंदावली आहे. तिथे सगळ्या वारंवारता सारख्याच जोराने जाऊ देणारा ऑल-पास फिल्टर बसवायला घेतला आहे. तार षड्जाच्या तरफेवर तो चालतो, मींड घेताना मात्र अजून टिक्-टिक् करतो.