आमची वाटचाल : गाडी भरण्याचं शास्त्र

मिरजेत आजोबांनी मंडपाचा धंदा सुरू केला तेव्हा जवळ बांबू, कनाती आणि एक बैलगाडी होती. वडिलांनी ट्रक घेतला. आता आम्ही जर्मन हँगरपर्यंत, म्हणजे धातूच्या सांगाड्याच्या मोठ्या मंडपापर्यंत पोचलो आहोत. पण धंद्याला खरं वळण लागलं ते सर्कशीमुळे.

आमचा भागच सर्कशीचा. भारतीय सर्कशीचे जनक विष्णुपंत छत्रे अंकलखोपचे, देवलांची सर्कस म्हैसाळची. त्या ओढीने मी अमेरिकेतल्या रेल्वे-सर्कशींबद्दल मिळेल ते वाचत गेलो.

१८७२ साली प्रसिद्ध अमेरिकन सर्कसमालक बार्नम यांचे भागीदार विल्यम कूप यांनी अख्खी सर्कस रेल्वेवर चढवली. घोडागाड्यांनी रात्रभर चालून जवळपासचंच गाव गाठता यायचं, मग तिथे गिऱ्हाईक असो वा नसो. रेल्वेमुळे मधली लहान गावं सोडून थेट मोठं शहर धरता आलं. सामान डब्यांत रचत बसायचं नाही, भरलेल्या गाड्याच सपाट डब्यांवर चढवायच्या, ही त्यातली खरी युक्ती. शेवटच्या डब्याला उतरती फळी लावायची, दोन डब्यांमधल्या फटीवर लोखंडी पत्रा टाकायचा आणि बाजूने चालणाऱ्या घोड्यांना दोर बांधून एकेक गाडी पार पुढच्या डब्यापर्यंत ओढत न्यायची. कोणती गाडी कुठे उभी राहणार, हे आधीच ठरलेलं.

पुढे मोठ्या सर्कशींना एक आगगाडी पुरेना. रात्रीचा खेळ रंगात असतानाच मागे भटारखान्याचा तंबू उतरवून पहिल्या आगगाडीत चढलेला असायचा. नव्या मैदानावर पोचलं की आधी आखणी, मग मेखा. एका मेखेभोवती पाच-सहा गडी गोल उभे राहून पाळीपाळीने घण घालायचे. मधले खांब उभे झाले की कापडाचे तुकडे जमिनीवरच दोरीने जोडायचे आणि हत्ती-घोडे लावून सगळं छत वर ओढायचं. दुपारी खेळ, रात्री पुन्हा मोडणी. इतक्या वेगाने मंडप उभा करणाऱ्या त्या गड्यांना मी मनापासून गुरू मानतो. बार्नम अँड बेलीची सर्कस युरोपात गेली तेव्हा जर्मन लष्करी अधिकारीही ही भरणी-उतरणी अभ्यासायला यायचे.

आमच्याकडे आता ट्रक त्याच हिशोबाने भरतात : उतरल्यावर जे आधी लागणार, ते शेवटी चढवायचं. खुर्च्या आणि गालिचे तळाशी, त्यावर कापड, मग सांगाडा. आखणीची दोरी, मेखा, घण सगळ्यात शेवटी, फाळक्यालगत. पहिल्या टेम्पोत मात्र शेगडी, सिलिंडर आणि पोह्यांचं पोतं असतं. गड्यांचा नाश्ता झाल्याशिवाय आम्ही पहारीला हात लावू देत नाही.