प्रभातच्या बोलपटांतील दुय्यम अभिनेत्री : गौरीबाईंच्या नोंदी कुठवर आल्या

प्रभात फिल्म कंपनीच्या बोलपटांत ज्यांची नावे श्रेयनामावलीत नायिकेनंतर येतात, अशा अभिनेत्रींच्या कामाची प्रसंगवार नोंद करण्याचे काम मी हाती घेतले आहे. दुर्गा खोटे, शांता आपटे आणि शांता हुबळीकर यांच्याविषयी आपल्याकडे भरपूर लिहिले गेले आहे. परंतु आई, सासू, काकू, शेजारीण यांच्या भूमिका करून ज्यांनी त्या चित्रपटांतली घरे खरी वाटायला लावली, त्यांच्या अभिनयाकडे स्वतंत्रपणे पाहणारे लेखन फार थोडे आहे. या टप्प्यात गौरी यांच्या दोन मोठ्या भूमिकांच्या नोंदी पुऱ्या होत आल्या आहेत. त्या मला इतक्या मोलाच्या वाटतात, की पुढच्या नावाकडे वळण्यापूर्वी त्या येथे मांडत आहे.

पडद्यावर त्यांचे नाव केवळ ‘गौरी’ असे येते. आडनाव नाही, ‘बाई’ हा मानाचा प्रत्ययही नाही. प्रभातच्या स्टुडिओत त्या झाडूकामासाठी आल्या, मग गर्दीतल्या एक्स्ट्रा म्हणून उभ्या राहू लागल्या आणि तेथून महत्त्वाच्या दुय्यम भूमिकांपर्यंत पोहोचल्या. कंपनी १९२९ मध्ये कोल्हापुरात स्थापन झाली आणि १९३३ मध्ये पुण्यात आली. कलावंतांपासून सुतारांपर्यंत सगळे पगारी नोकर म्हणून एकाच आवारात वावरत असत. त्यामुळे रोज समोर दिसणाऱ्या एका कामगार स्त्रीतला अभिनय दिग्दर्शकांच्या नजरेत भरणे शक्य झाले, असे मला वाटते.

‘संत तुकाराम’ १९३६ मध्ये आला. विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल यांचे दिग्दर्शन, शिवराम वाशीकरांची कथा व संवाद, केशवराव भोळ्यांचे संगीत आणि तुकारामांच्या भूमिकेत विष्णुपंत पागनीस, हे सर्वांना ठाऊक आहे. मुंबईत तो वर्षाहून अधिक काळ चालला आणि व्हेनिसच्या १९३७ च्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. या यशाचे श्रेय देताना पागनीसांच्या तल्लीन चेहऱ्याचा उल्लेख नेहमी होतो आणि तो रास्तच आहे. तरीही माझ्या नोंदी असे सांगतात, की त्या तल्लीनतेला वजन येते ते समोर गौरींची जिजाई उभी असल्यामुळे.

नोंद करण्याची माझी पद्धत अशी आहे की प्रत्येक प्रसंग आधी आवाज बंद करून पाहायचा आणि अभिनेत्रीचे हात, चाल व नजर टिपून घ्यायची, त्यानंतर आवाजासह पाहायचे. जिजाईच्या बाबतीत या पद्धतीने जे हाती आले ते विलक्षण आहे. गौरी संवाद म्हणण्यासाठी काम थांबवत नाहीत. चूल, मुले आणि म्हैस यांचे चालू असलेले काम हाच त्यांच्या बोलण्याचा ताल ठरतो आणि राग शब्दांत उतरण्यापूर्वी भांडे ठेवण्याच्या पद्धतीत दिसून जातो. त्या काळातले बहुतेक नट रंगभूमीवरून आलेले होते. पागनीसांनी स्वतः नाटकांत स्त्रीभूमिका केल्या होत्या. त्यांच्या आवाजाला शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचण्याची सवय होती. गौरींच्या अंगी ती सवय नव्हती, आणि बोलपटाच्या ध्वनिग्राहकाला नेमके असेच बोलणे मानवत होते.

मुलगा आजारी असताना जिजाई संतापून देवळात जाते आणि विठोबावर पायताण उगारते, तो प्रसंग मी पुन्हा पुन्हा पाहिला. दुसरी एखादी अभिनेत्री येथे सहज कर्कश झाली असती किंवा प्रेक्षकांना हसवून मोकळी झाली असती. गौरींच्या उगारलेल्या हातात संतापाइतकीच भीती आहे, कारण मूल हातचे जाईल हा धाक त्या क्षणभरही विसरत नाहीत. त्यामुळे देवावरचा तिचा राग हा देवाशी असलेल्या नात्यातलाच वाटतो. परंपरेने तुकोबांच्या बायकोला कजाग ठरवून टाकले आहे. या चित्रपटात मात्र तिची बाजू भुकेल्या मुलांची बाजू म्हणून उभी राहते आणि तिला कुणी वकील लागत नाही. शेवटी तुकाराम तिला वैकुंठाला चलण्याविषयी विचारतात तेव्हाही ती संसाराच्या रगाड्यातच असते. ते बोलणे तिच्यापर्यंत पोहोचतच नाही, हे गौरींनी एकही जादा हावभाव न करता दाखवले आहे.

दुसरी नोंद १९४१ च्या ‘संत सखू’ची आहे. तेथे हंसा वाडकर सखू आहेत आणि गौरी तिला छळणारी सासू. या भूमिकेचे लेखन मला जिजाईच्या तुलनेत बरेच एकसुरी वाटते, म्हणून तिच्यावर फार रेंगाळत नाही. मात्र दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहिल्यास एक गोष्ट स्पष्ट होते. घरकामाची तीच जाण येथे उलट वापरली आहे : जिजाई स्वतः राबताना बोलते, तर सासू दुसरीला राबवताना बोलते, आणि म्हणून तिचे शरीर स्थिर, जागेवर ठाण मांडलेले आहे. दोन्हीकडे पंढरीचा देव घरातल्या माणसाला ओढून नेतो आणि दोन्हीकडे त्याला अडवणारी बाई गौरीच आहेत; परंतु एकीची अडवणूक पटते आणि दुसरीची खुपते, हा फरक त्यांनी बसण्या-उठण्यातून साधला आहे.

यापुढे १९३७ चा ‘कुंकू’ घेत आहे. त्यात विमला वसिष्ठ यांची काकू आणि शकुंतला परांजपे यांची सुशीला अशा दोन दुय्यम भूमिका आहेत. रँग्लर परांजप्यांची, केंब्रिजमध्ये शिकलेली मुलगी आणि झाडूकामाला आलेली गौरी या दोघी एकाच कंपनीच्या, वर्षभराच्या अंतराने आलेल्या चित्रपटांत महत्त्वाच्या भूमिका करतात, ही बाब मला प्रभातच्या इतिहासात फार मोठी वाटते. ‘कुंकू’ची हिंदी आवृत्ती ‘दुनिया न माने’ याच संचातून झाली असल्याने काकूचे प्रसंग दोन्ही भाषांत समोरासमोर ठेवून पाहणार आहे. भाषा बदलल्यावर विमलाबाईंच्या विरामांचे काय होते, ते त्यातून कळेल. त्यानंतर ‘माणूस’मधील सुंदराबाईंच्या आईची नोंद, तीही ‘आदमी’सह, याच रीतीने करायची आहे.