थकलेलं बिल आणि उतरलेलं तळं

भाची येरेवानला एमबीबीएस करते, म्हणून आम्ही आर्मेनियाला गेलो. एरवी हा देश आमच्या यादीत कधी आलाच नसता. पोहोचलो तर तिची परीक्षा तोंडावर आलेली. "मामा, मला एक दिवसही काढता येणार नाही. मामीला घेऊन गार्नी आणि सेवान करून या, बसमध्ये दोन सीट सांगून ठेवल्यात," असं म्हणून ती पुन्हा पुस्तकात शिरली.

गाईडच्या मागे मेंढरासारखं फिरणं मला जमत नाही, हे आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे. ३१ वर्षं धरणं आणि कालव्यांच्या कामांवर काढली. धरणावर आलेले पाहुणे बाग बघतात, माझी नजर सांडव्यावर जाते. त्यामुळे कुठल्याही सहलीत मी चुकीच्या ठिकाणी उभा असतो आणि बस माझ्यासाठी थांबलेली असते. हे आधीच सांगून टाकतो, कारण त्या दिवशीही तेच झालं.

मे महिन्याचा शेवटचा आठवडा. सकाळी नऊला छोटी बस निघाली. आम्ही दोघं, दुबईत नोकरी करणाऱ्या दोन फिलिपिनो नर्सेस, बाकी सगळे रशियन. गाईड पंचविशीची, चुणचुणीत मुलगी. प्रत्येक गोष्ट आधी रशियनमध्ये सांगायची, मग इंग्रजीत. रशियनमध्ये पाच मिनिटं आणि इंग्रजीत दीड, तेव्हा मधल्या साडेतीन मिनिटांत काय गळलं या विचाराने मी बेचैन. आम्ही भारतातले म्हटल्यावर मात्र ती खुलली. जगातलं पहिलं आर्मेनियन नियतकालिक मद्रासला छापलं गेलं, १७९४ साली, हे तिने बसभर ऐकवलं. मी मुंबईच्या फोर्टातल्या आर्मेनियन चर्चचं नाव काढलं. किती वेळा त्याच्यासमोरून गेलोय, आत एकदाही नाही, हे मात्र मनातच ठेवलं.

गार्नीच्या वाटेवर एका दगडी कमानीपाशी बस थांबते. कमानीतून समोर अरारात. ५,१३७ मीटरचा पांढराशुभ्र डोंगर, खाली सपाट मैदान, मध्ये काहीच नाही. आर्मेनियाच्या राजचिन्हावर तो आहे, दारूच्या बाटलीवर आहे, दुकानांच्या पाट्यांवर आहे, फक्त आर्मेनियात नाही. तो तुर्कस्तानात, आणि मधली सरहद्द बंद. गच्चीतून रोज दिसणारा डोंगर शेजाऱ्याच्या सातबाऱ्यावर असावा, तसं. गाईड हे सांगताना हसत होती, पण दोन्ही भाषांत तिने एकच वाक्य तेवढ्याच वेळात संपवलं.

गार्नी येरेवानपासून अठ्ठावीस-तीस किलोमीटरवर. आझात नदीच्या खोल घळीवर पुढे आलेलं एक डोंगराचं नाक, आणि त्याच्या टोकावर चोवीस खांबांचं देऊळ. बांधणी ग्रीक-रोमन, खांबांच्या माथ्यावर मेंढ्याच्या शिंगांसारखी वळणं. इसवी सनाच्या पहिल्या शतकातलं, तिरिदात राजाच्या काळातलं मानतात. चौथ्या शतकाच्या सुरुवातीला देश ख्रिस्ती झाला, जुनी देवळं पाडली गेली, हे एक राहिलं. का राहिलं यावर वाद आहेत. ते देऊळ नव्हतंच, थडगं होतं, असंही काहीजण म्हणतात.

माणसांच्या हातून वाचलेलं हे देऊळ १६७९ च्या भूकंपात कोसळलं. त्याच वर्षी आपल्याकडे महाराज खांदेरीवर तटबंदी उभारत होते. इतिहासाची सनावळी मला अशीच लक्षात राहते, आपल्याकडची खुंटी सापडली की.

पुढची जवळजवळ तीनशे वर्षं ते दगड तिथेच पडून होते. मग १९६९ ते १९७५ या काळात देऊळ पुन्हा उभं केलं, बरेचसे मूळ दगड शोधून, जागच्या जागी बसवून. जो तुकडा मिळाला नाही तिथे नवा दगड घातला, आणि नव्यावर नक्षी कोरलीच नाही. मी जोत्याजवळ जाऊन बघितलं. वेलबुट्टीची पट्टी चालत येते, आणि मध्येच हातभर कोरी जागा. पुन्हा वेलबुट्टी. शिवण दिसते, लपवलेली नाही. जुनं बांधकाम चुन्याशिवाय होतं, दगडाला दगड लोखंडी पट्ट्यांनी जखडून वर शिसं ओतलेलं. सिंधुदुर्गाच्या पायात शिसं ओतलं म्हणतात, ते आठवलं. दगड तर आपलाच, काळा बसाल्ट. देवळामागच्या घळीत त्याचे पंचकोनी-षटकोनी खांब एकमेकांना चिकटून कड्याला लटकल्यासारखे दिसतात. अंधेरीचा गिल्बर्ट हिल ज्याने बघितलाय त्याला हे नवं नाही. फक्त तिकडे खाली झोपडपट्टी, इकडे नदी.

"चाळीस मिनिटं," गाईडने सांगितलं होतं. त्यातली पंचवीस देवळात गेली. मग बाजूला एक साधं, शेडसारखं बांधकाम दिसलं. कोणी तिकडे फिरकत नव्हतं, म्हणून मी गेलो.

आत जुन्या न्हाणीघराचे अवशेष. तिसऱ्या शतकातलं, रोमन पद्धतीचं. जमीन छोट्या छोट्या खांबांवर उचललेली, तिच्याखालून गरम हवा खेळवायची. आणि एका दालनात जमिनीवर दगडी खड्यांचं चित्र. सगळे खडे नैसर्गिक रंगांचे, हिरवट, गुलाबी, राखाडी, विटकरी. मध्ये समुद्राचा देव आणि समुद्राची देवी, भोवती मासे, पाण्यातल्या पऱ्या. समुद्राचा थेंब नसलेल्या या डोंगरात समुद्राचं चित्र. आत उतरता येत नाही, कठड्याबाहेरून बघायचं. बराचसा भाग गेलेला आहे, पण मधली दोन तोंडं शाबूत आहेत, आणि त्यांच्याजवळ ग्रीक अक्षरांच्या ओळी. त्यांचा अर्थ पाटीवर दिला होता:

काम केलं, मिळालं काहीच नाही.

मी ती पाटी तीनदा वाचली. अभ्यासक याचे वेगवेगळे अर्थ लावतात, समुद्रदेवांशी जोडलेला काही गूढ अर्थ असेल, असंही म्हणतात. लावोत. ज्याने आयुष्यभर ठेकेदारांची बिलं बघितली त्याला एकच अर्थ दिसतो. हे राजाच्या न्हाणीघरातलं थकलेलं बिल आहे. कारागिराने शेवटच्या दिवशी, चित्र पूर्ण झाल्यावर, खड्यांच्याच अक्षरांत ते तिथे नोंदवून ठेवलं. खोडता येणार नाही अशा मापपुस्तिकेत. राजाने रोज आंघोळीला यावं आणि ते वाचावं. की राजाला ग्रीक येत नव्हतं?

माझ्याही टेबलावर असं एक बिल होतं. कालव्याच्या अस्तरीकरणाचं, काम चोख, मापं मी स्वतः घेतलेली. निधी नाही म्हणून ते दोन मार्चअखेर उलटून पडून राहिलं. तो माणूस दर सोमवारी यायचा, बाहेरच्या बाकावर बसायचा, चहाही नको म्हणायचा. शेवटी पैसे मिळाले त्याला, पण तो बाक मला आजही दिसतो. सतराशे वर्षांपूर्वीच्या त्या ओळीपाशी उभा राहून मी त्याचाच विचार करत होतो, तेवढ्यात मागून आवाज आला, "अहो! अख्खी बस थांबलीये तुमच्यासाठी. ती पोरगी बिचारी देवळाला दोन प्रदक्षिणा घालून आली तुम्हाला शोधत!"

बसमध्ये चढलो तर कोणी काही बोललं नाही. ते जास्त लागतं.

गेगार्ड मठाबद्दल थोडक्यात सांगतो, कारण तिथे मी शहाण्यासारखा गटाबरोबर राहिलो. तेराव्या शतकातली देवळं, काही बांधलेली, काही अख्ख्या डोंगरात कोरलेली. वरून भोक पाडून खाली खाली कोरत गेले, असं गाईडने सांगितलं तेव्हा हिने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "आपलं कैलास." वेरूळ बघितलेल्या माणसाला कोरीव कामाने दिपवणं अवघड आहे. पण एका अंधाऱ्या दालनात खडकातून झरा वाहतो, त्याचं पाणी फरशीतल्या पन्हळीतून निघून जातं, आणि वरच्या दालनात चार बायका गात होत्या. शेवटचा सूर संपल्यावरही तो दगडात काही क्षण राहिला. रशियन आजोबांनी टोपी काढली होती. आम्हीही उगीच हात जोडले.

जेवण गार्नी गावातच एका घराच्या अंगणात. जमिनीत पुरलेली भट्टी, तिला तोनिर म्हणतात. एक बाई पोळी हातावर ताणून लांबलचक करते, उशीसारख्या गादीवर पसरते, आणि कमरेतून वाकून भट्टीच्या भिंतीवर थापटते. अर्ध्या मिनिटात लोखंडी आकड्याने बाहेर. हा लवाश. खापरावरचे मांडे करणाऱ्या बाईचे कोपरापर्यंतचे हात ज्याने बघितलेत, त्याला ही कसरत लगेच कळेल. "मांड्याला पुरण तरी असतं," ही म्हणाली, पण चीज आणि हिरव्या पाल्याची गुंडाळी करून तिने तीन खाल्ल्या. बुकिंगमध्ये 'शाकाहारी' लिहिलं होतं, तरी पहिल्यांदा मटणाची ताटली आली. ती परत गेल्यावर स्पास नावाचं गरम सूप आलं. दह्याचं, त्यात शिजवलेले गहू आणि वरून कोथिंबीर. हळद आणि फोडणी विसरलेली कढीच. दोनदा मागून घेतली.

तिथून सेवान. रस्ता चढत जातो आणि हवा बदलते. तळं जवळ आलं की कडेला माणसं दिसायला लागतात, दोन्ही हात फाकवून उभी. पहिल्याला बघून वाटलं, काही मदत हवी असेल. मग कळलं, तो माशाची लांबी दाखवतोय. काहींचे हात इतके फाकलेले की तेवढा मासा तळ्यात मावेल का, ही शंका यावी. इथला प्रसिद्ध मासा इश्खान, म्हणजे राजपुत्र. मूळचा जंगली इश्खान आता दुर्मीळ झालाय, ताटात येतो तो बहुतेक पाळलेला.

आणि मग वळणावर तळं. निळं म्हणावं तर क्षणात राखाडी, ढग सरकला की हिरवं. उंची सुमारे १,९०० मीटर, म्हणजे कळसूबाईच्या माथ्यापेक्षा अडीचशे मीटर वर हे पाणी पसरलेलं आहे, सुमारे १,२४० चौरस किलोमीटर. जायकवाडीचा नाथसागर साडेतीन वेळा मावेल. वारा असा की हिने शाल डोक्यावरून घेतली.

टेकाडावर सेवानावांक मठाची दोन छोटी, काळसर दगडी देवळं, ८७४ साली एका राजकन्येने बांधवलेली. बाजूला तिसऱ्याचे पडके पाये. दोनशेच्या वर पायऱ्या. गाईडने वर जाऊन सांगितलं, हे बेट होतं, तळ्याची पातळी उतरल्यामुळे आता जमिनीला जोडलंय. रशियन मंडळी फोटो काढायला पांगली. मी मात्र तिला गाठलं: किती उतरली, केव्हा, कशाने?

तिच्या चेहऱ्यावर "हे कोणीतरी विचारावं असं मला केव्हापासून वाटत होतं" असं काहीतरी आलं. त्या वीस मिनिटांत तिने जे सांगितलं, ते दोन्ही भाषांतल्या भाषणांत नव्हतं.

तळ्यात अठ्ठावीस नद्या येतात, बाहेर एकच पडते, ह्राझदान. येणाऱ्या पाण्यातलं बहुतेक सगळं उन्हाने उडून जातं. तेव्हा १९१० साली एका अभियंत्याने कल्पना मांडली: तळं पन्नासेक मीटरने उतरवा. पाण्याचा पसारा कमी झाला की बाष्पीभवन कमी होईल, तेवढं पाणी शेतीला आणि विजेला. उघड्या पडलेल्या जमिनीत अक्रोड लावा. कागदावर बघा, बिनचूक आहे. मीही सही केली असती. सोव्हिएत काळात १९३३ पासून काम सुरू झालं, नदीचं तोंड खोल केलं, बोगदा काढला, खाली वीजघरांची माळ उभी राहिली. पातळी सुमारे एकोणीस मीटर उतरली. पाण्याचा साठा सुमारे ५८ घन किलोमीटर होता, तो ३३ वर आला. मी तिथेच पायरीवर बसून टीएमसीत, म्हणजे अब्ज घनफुटांत, काढलं: साधारण ८८० टीएमसी. कोयनेची आठ धरणं भरून वर उरेल एवढं पाणी, एका तळ्यातून काढलेलं.

मग मासे गेले, शेवाळ वाढलं, आणि घेतलेलं परत करायची वेळ आली. आर्पा नदीचं पाणी डोंगराखालून अठ्ठेचाळीस किलोमीटरच्या बोगद्याने तळ्यात आणलं, १९८१ साली. पुढे आणखी एक बोगदा, २००४ मध्ये. कोयनेत आम्ही तळ्याला खालून भोक पाडून पाणी काढलं त्याचं केवढं कौतुक झालं होतं, १९९९ साली. इथे तेवढीच मेहनत उलट दिशेने, पाणी परत घालायला. पातळी वर आली आहे, पण थोडीच. हप्ते चालू आहेत म्हणायचं.

खाली काठावर उतरलो तेव्हा ते हप्ते डोळ्यांनी दिसले. पाणी उतरल्यावर मोकळ्या झालेल्या पट्ट्यात झाडं लावली होती. आता पाणी परत येतंय आणि ती झाडं त्यात उभी आहेत, कमरेपर्यंत बुडालेली, साल सुटलेली, पांढरी पडलेली. एका झाडाच्या फांदीवर कोणीतरी टॉवेल वाळत घातला होता. बुडीत क्षेत्र मी पुष्कळ बघितलंय, पण तळं स्वतःच्याच जुन्या जागेवर परत येताना पहिल्यांदा बघितलं. ही पाण्यात हात घालून म्हणाली, "किती गार!" आणि एक काळा गुळगुळीत खडा उचलून पर्समध्ये टाकला. आमच्या घरी असे तीसेक खडे आहेत, कुठला कुठचा कोणालाच आठवत नाही.

परतताना मी बसमध्ये सगळ्यात आधी चढून बसलो. नर्सेस टाळ्या वाजवायच्या बाकी होत्या. येरेवानला पोहोचेपर्यंत अंधार पडला. उतरताना गाईडच्या हातात मी थोडे पैसे ठेवले, पाकीट बंद केलं, आणि निघालो, तर हिने बाही ओढली.

"ड्रायव्हरला?"

"त्याला कंपनी देत असेल की."

"द्या त्यालाही," ही म्हणाली. "नाहीतर लिहून ठेवेल कुठेतरी."