सूर्यास्ताकडे पाठ करून

ऑस्ट्रेलियातल्या पर्थहून दुपारी एकला निघायचं आणि रात्री अकराच्या सुमाराला परत यायचं. त्यातले चार-सव्वाचार तास पिनॅकल्स नावाच्या वाळवंटात, बाकीचा बहुतेक वेळ गाडीत. हा हिशेब मला काही केल्या पटत नव्हता. दोनशे किलोमीटर जायचं, तेवढंच यायचं आणि बघायचं काय, तर दगड. तेही गाइड सांगेल तिथे, सांगेल तेवढा वेळ उभं राहून. लेकीला सुट्टी नव्हती, म्हणून तिने मला एकटीलाच पाठवायचं ठरवलं. "आई, तू चौतीस वर्षं भूगोल शिकवलास, तुला नाही आवडणार तर कुणाला?" हे वाक्य ती कशालाही वापरते. फ्रीमँटलचं बंदर दाखवायला नेलं तेव्हाही हेच म्हणाली होती.

मे महिन्याचा मध्य, म्हणजे तिकडचा शरद ऋतू. दुपारी स्वेटर नको वाटतो आणि संध्याकाळी दोन कमी पडतात. लहानशी बस होती, आम्ही अठरा जण. गाइड आणि ड्रायव्हर एकच माणूस. साठीचा असावा, त्या हवेतही अर्ध्या चड्डीत. सगळ्यांच्या पट्ट्यांचे खट्-खट् आवाज ऐकू आल्याशिवाय त्याने गाडी हलवली नाही. माझा पट्टा काही लागेना. शेवटी शेजारच्या जपानी आजींनी लावून दिला आणि तेव्हापासून दिवसभर त्यांनी माझी जबाबदारी स्वतःकडे घेतली. आम्हा दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती, इंग्रजीही दोघींचं बेताचंच. छान जमलं.

शहर संपलं की इंडियन ओशन ड्राइव्ह लागतो. हा रस्ता पूर्ण झाला २०१० मध्ये, त्याआधी आतल्या बाजूच्या महामार्गाने वळसा घालून जावं लागे. दोन्ही बाजूंना बँक्सियाची झुडपं आणि मधूनमधून ग्रासट्री, म्हणजे काळ्या बुंध्यावर गवताचा झुबका ठेवलेलं झाड. लॅन्सेलिनजवळ पांढऱ्याशुभ्र वाळूच्या टेकड्या दिसायला लागल्या. ही पांढरी वाळू लक्षात ठेवा, असं गाइड म्हणाला, पुढे रंग बदलणार आहे. मी वहीत लिहून घेतलं. सवय जात नाही.

सर्व्हांटेस गावाशी थोडा वेळ थांबलो. व्हेलच्या शिकारीसाठी निघालेलं एक अमेरिकन जहाज १८४४ मध्ये इथल्या किनाऱ्याजवळ फुटलं, त्याचं नाव गावाला मिळालं. गाव रॉक लॉब्स्टरवर, म्हणजे शेवंडांच्या मासेमारीवर जगतं. गावाबाहेर थेटिस नावाचं तळं आहे, समुद्रापेक्षा खारट. त्याच्या काठाला पाण्यात कुणीतरी गोवऱ्या थापून ठेवल्यासारखे गोल दगड दिसतात. ते थ्रॉम्बोलाइट. सूक्ष्मजीवांनी थर रचत रचत केलेले, वय साडेतीन हजार वर्षांच्या आसपास. बसमधल्या निम्म्या लोकांनी दोन फोटो काढून गाडी गाठली. मी आणि आठ-नऊ वर्षांचा एक मुलगा मागे राहिलो. "हे जिवंत आहेत?" त्याने मला विचारलं. दगड नाही, पण वरचा थर जिवंत आहे, एवढं मी सांगितलं. त्याने लगेच हात मागे घेतला.

चारच्या सुमाराला नॅम्बंग राष्ट्रीय उद्यानात शिरलो. तिथल्या नदीवरून पडलेलं हे नाव. नॅम्बंग म्हणजे वाकडीतिकडी. हा भाग इथल्या मूळ नूंगार लोकांपैकी युएड समाजाचा. बाहेरच्या जगाला १९६० च्या दशकापर्यंत याचा फारसा पत्ता नव्हता.

आणि मग ते दगड.

दगड म्हटलं याची मला तिथे लाज वाटली. पिवळीधमक वाळू आणि तिच्यातून वर आलेले हजारो सुळके. काही गुडघ्याएवढे, काही माझ्या दुप्पट उंच. साडेतीन मीटरपर्यंत जातात. टोकदार, बोथट, दोन डोक्यांचे, एका अंगाला झुकलेले. मधून चार किलोमीटरची गाडीवाट फिरते. सुळक्यांवर चढायचं नाही, ही गाइडची पहिली सूचना. दुसरी, साडेपाचला सूर्य बुडतो, त्याच्या आधी पंधरा मिनिटं गाडीपाशी या. हात लावायला हरकत नव्हती.

मी एका सुळक्याला तळवा टेकवला. दुरून गुळगुळीत दिसतो, पण हाताला खरखरीत आणि उन्हाने कोमट. पृष्ठभागावर बोटभर जाडीच्या नळ्या होत्या, कुठे पोकळ, कुठे भरलेल्या. कधीकाळी तिथे मुळं होती. मुळं कुजून गेली, त्यांच्याभोवती साचलेला चुना राहिला. नखाने खरवडलं तर पांढरी पूड निघाली. खडूसारखी! चौतीस वर्षं अशीच पूड माझ्या पदराला लागत होती.

ही सगळी चुनखडी समुद्रातली. शंख-शिंपल्यांचा चुरा होऊन त्याची वाळू झाली, वाऱ्याने ती आत आणून टेकड्या रचल्या. पावसाचं पाणी किंचित आम्लधर्मी असतं, ते वरचा चुना विरघळवून खाली नेतं. खाली तो चुना वाळूचे कण सिमेंटसारखे चिकटवतो, वर उरते ती चुना गेलेली पिवळी क्वार्ट्झची वाळू. गाइडने रंग लक्षात ठेवायला सांगितलं होतं ते यासाठी. इथपर्यंत भूवैज्ञानिकांचं बहुतेक एकमत आहे. पण एकसंध थर न राहता सुटे सुळके का झाले, यावर वाद आहे. काही म्हणतात, वर कडक टोपण तयार झालं, मुळांनी त्याला भेगा पाडल्या आणि त्या भेगांमधून झीज होत गेली. काही म्हणतात, झाडांच्या बुंध्यांभोवती आणि मुळांभोवती चुना साचून हे साचे झाले. दोन्ही बाजूंचे पुरावे तिथे हाताखालीच असतात. माझा कल पहिल्या बाजूला. पण ज्या सुळक्याला हात लावून मी हे ठरवलं, त्याच्या शेजारचा सुळका सरळसरळ दुसऱ्या बाजूने साक्ष देत होता. शेवटचं काम वाऱ्याचं, भोवतालची सैल वाळू उडवून नेण्याचं. हे सुळके एकदा उघडे पडून पुन्हा गाडले गेले होते आणि आता परत वर आले आहेत, असंही गाइडने सांगितलं.

या विचारात मी भरकटले. एका सुळक्यामागून दुसऱ्याकडे, तिथून तिसऱ्याकडे. वळून बघते तर गाडी नाही, माणसं नाहीत, आवाजही नाही. मघाशी ओळखीचा वाटलेला सुळका दुसऱ्या बाजूने बघितला की परका. पायांचे ठसे शोधले, पण तिथे आधीच पन्नास जणांचे ठसे होते. गुडघा दुखायला लागला तो भीतीनेच. मग आठवलं, उतरले तेव्हा ऊन पाठीवर होतं, म्हणजे गाडी सूर्याच्या बाजूला. मी सूर्याकडे तोंड केलं, सावली पाठीशी ठेवली आणि चालायला लागले. पाच-सात मिनिटांत जपानी आजी दिसल्या. कमरेवर हात ठेवून माझी वाट बघत होत्या. त्यांनी जे काही म्हटलं त्याचं भाषांतर करायची गरज नव्हती.

तोवर ऊन तिरपं झालं होतं. प्रत्येक सुळक्याची सावली त्याच्या पाच-सहा पट लांब, सगळ्या पूर्वेला पडलेल्या. वाळू केशरी आणि सावल्या निळसर. माझी सावली तीन सुळके ओलांडून चौथ्यावर चढली होती. लोक ओळीने पश्चिमेकडे मोबाइल धरून उभे. सूर्य झुडपांच्या रेघेमागे गेला, कुणीतरी टाळ्या वाजवल्या (सूर्यास्ताला टाळ्या कशाला वाजवतात, मला कधी कळलेलं नाही) आणि मंडळी पांगायला लागली.

तेव्हा गाइड म्हणाला, आता मागे वळा.

पूर्वेच्या क्षितिजालगत निळसर राखाडी पट्टा होता. त्याच्यावर फिकट गुलाबी पट्टा. मला ढग वाटला, लांबवर पाऊस असेल. गाइड म्हणाला, ती पृथ्वीची सावली. सूर्य आपल्या मागे बुडाला, त्यामुळे पृथ्वीची सावली समोरच्या वातावरणावर पडली आहे. वरचा गुलाबी भाग म्हणजे अजून ज्या हवेला ऊन लागतंय ती हवा. बघत राहा, पट्टा वर चढेल.

आणि तो चढला. डोळ्यांना चढताना दिसत नाही, पण दोन मिनिटं सुळक्यांकडे बघून पुन्हा वर पाहिलं की सरकलेला असतो. राखाडी रंग हळूहळू वर पसरला, गुलाबी फिका होत विरला. पंधरा-वीस मिनिटांनी सावलीची कडच सापडेना.

मी तिथेच वाळूत बसले. पृथ्वीची सावली मी फळ्यावर किती वेळा काढली असेल! डावीकडे मोठा सूर्य, मध्ये पृथ्वी, उजवीकडे निमुळती होत गेलेली गडद छाया, लांबी सुमारे १४ लाख किलोमीटर. तिच्यात चंद्र शिरला की चंद्रग्रहण. प्रश्न पाच गुणांचा, आकृतीला दोन गुण. ही सावली फक्त ग्रहणाच्या रात्री कामाला येते, अशा थाटात मी ती शिकवली. आकाश निरभ्र असेल तर ती रोज संध्याकाळी समोर उभी राहते, पूर्वेला तोंड केलं की पुरे, हे ना मला कुणी सांगितलं, ना मी एकाही मुलाला सांगितलं. थोडा वेळ मला स्वतःचा रागच आला. मग त्या मुलाने विचारलं, "सावली कुठे गेली?" म्हटलं, कुठे नाही गेली, आपण तिच्या आत आलो. रात्र म्हणजे तीच.

जेवण तिथेच, घडीच्या टेबलांवर. गार झालं ते खाताखाता. मग गाइडने दुर्बीण उभी केली आणि सगळ्यांना मोबाइल खिशात ठेवायला सांगितले. डोळे अंधाराला सरावायला वीस-तीस मिनिटं लागतात आणि एका पांढऱ्या झोतात ती कमाई जाते. त्याच्याकडे लाल बॅटरी होती. हे सगळं ऐकून, समजून, मान डोलावून मी दहाव्या मिनिटाला चष्मा शोधायला मोबाइलची बॅटरी लावली. अठराच्या अठरा जण कण्हले. चष्मा डोक्यावर होता.

सगळ्यांना पुन्हा पहिल्यापासून डोळे सरावावे लागले. पण माझ्यामुळे झालेल्या त्या सक्तीच्या विरामात कुणी काही बोललं नाही, गाइडसुद्धा. सुळके आता फक्त तारे झाकणारे काळे आकार होते.

आकाश ओळखीचं होतं आणि नव्हतंही. पश्चिमेला मृग डोकं खाली करून कलंडलेला. व्याध त्याच्या वर. नैर्ऋत्येला अगस्त्य चांगला वर. दक्षिणेला गेलेला अगस्त्य परतला नाही ही गोष्ट तिथे उभं राहून फारच खरी वाटते. त्याच्या खाली दोन धूसर ठिपके, मॅगेलनचे मेघ. मोठा मेघ सुमारे १ लाख ६० हजार प्रकाशवर्षं दूर, आणि हे दोन्ही मेघ म्हणजे स्वतंत्र दीर्घिका, नुसत्या डोळ्यांनी दिसणाऱ्या. दुर्बिणीतून ओमेगा सेंटॉरी पाहिला. आधी नुसता धुरकट डाग. डोळा जरा बाजूला वळवला की काळ्या कापडावर रवा चाळून मधोमध ढीग राहावा तसा. लाखो ताऱ्यांचा गुच्छ, १७ हजार प्रकाशवर्षांवर.

आणि आग्नेयेला त्रिशंकू. महाराष्ट्रातून तो दिसतो तेव्हा दक्षिणेच्या क्षितिजाशी, एखादी इमारत मध्ये आली की संपलं. इथे पन्नास अंशांवर, डावीकडे कललेला, खाली मित्र आणि मित्रक हे दोन तेजस्वी तारे. त्या मुलाला मी मोडक्या इंग्रजीत गोष्ट सांगितली. एका राजाला सदेह स्वर्गात जायचं होतं, वरून ढकलून दिला, एका ऋषीने खालून अडवला, तो मध्येच उलटा लटकला. मुलगा म्हणाला, "मग तो अजून उलटाच आहे?" मी म्हटलं, सध्या आडवा दिसतोय, जरा आराम करत असेल.

गाइडने मग त्रिशंकूशेजारचा काळा डाग दाखवला. इथल्या मूळ लोकांचा आकाशातला एमू, म्हणजे शहामृगासारखा पक्षी, ताऱ्यांनी नाही, ताऱ्यांमधल्या काळोखाने बनतो. तो डाग म्हणजे डोकं, मान मित्र-मित्रकांमधून खाली येते, शरीर वृश्चिकाकडे. मी दहा मिनिटं तारे जोडत बसले आणि काही दिसेना. मुलाला लगेच दिसला. शेवटी मी तारे बघायचं सोडलं तेव्हा कुठे मान सापडली.

परतीला गाडी हळू होती. रात्री कांगारू रस्त्यावर येतात. एक आलाच, दिव्यात क्षणभर थबकला आणि झुडपात गेला. जपानी आजी माझ्या खांद्यावर डोकं टेकून झोपल्या होत्या, त्यांना उठवावंसं वाटलं नाही.

पावणेअकराला लेक घ्यायला आली होती. गाडीत बसायच्या आधी मी तिला दक्षिणेकडे वळवलं. रस्त्यावरच्या दिव्यांत मेघ नव्हते, एमू नव्हता, पण त्रिशंकू होता. चार तासांत डावीकडून उजवीकडे कललेला.

"हा इथून दिसतो?" ती सहा वर्षं पर्थमध्ये राहते.

"रोज दिसतो."

"बरं, आधी बूट झटक," ती म्हणाली. "गाडी कालच धुतली आहे."