सात मिनिटांची दोन वाक्यं

जपानातल्या ताकायामाच्या जुन्या सरकारी कचेरीत बूट हातात घेऊन फिरावं लागतं. दारात प्लास्टिकची पिशवी देतात. बूट त्यात घालायचे आणि मोजे घालून तातामीवरून, म्हणजे गवती चटयांवरून, गुळगुळीत फळ्यांवरून चालायचं. माझ्या गटांना मी आदल्या रात्रीच सांगून ठेवते की उद्या नाडीचे बूट नकोत. २८ माणसं, बहुतेक साठीच्या पुढची. सगळ्यांनी आत जाताना नाड्या सोडल्या आणि बाहेर येऊन बांधल्या तर त्यातच दहा-बारा मिनिटं जातात, आणि ताकायामाला आमच्या वाट्याला येतात नव्वद मिनिटं. सकाळी नागोया सोडायचं, ताकायामा बघायचं, दुपारी शिराकावागो, मुक्कामाला कानाझावा. जपानात बस-ड्रायव्हरच्या दिवसभराच्या वेळा आधी कागदावर ठरलेल्या असतात. 'अजून पंधरा मिनिटं थांबा ना' असं त्याला म्हणता येत नाही, आणि ते योग्यच आहे.

मी पुण्यात जपानी शिकले, लग्नानंतर नागोयाला आले. पैसे घेऊन पर्यटकांना माहिती सांगायला इथे पूर्वी सरकारी परवाना लागायचा. २०१८च्या जानेवारीत ती अट गेली, तेव्हापासून मी मराठी गटांबरोबर दुभाषी म्हणून जाते. गावाची माहिती स्थानिक गाइड जपानीत सांगतो, मी मराठीत. लोकांना वाटतं हे फार अवघड. खरं तर इंग्रजी दुभाष्यांपेक्षा आमचं बरं आहे, कारण जपानी आणि मराठी दोन्हींत क्रियापद शेवटी येतं. गाइडचं वाक्य ज्या क्रमाने येतं त्याच क्रमाने मला मराठीत लावता येतं, मोडतोड करावी लागत नाही. वाक्य नीट बसलं की ऐकणाऱ्यांच्या माना गाइडच्या हाताबरोबर वळतात, मध्ये मी आहे हे ते विसरतात. त्यासाठी मी हे काम करते.

ही कचेरी म्हणजे 'जिन्या'. मराठी कानाला तो जिनाच वाटतो, म्हणून मी कचेरीच म्हणते. ताकायामा ज्यात येतं त्या हिदा प्रांतावर आधी कानामोरी घराण्याची सत्ता होती. डोंगरांतलं लाकूड आणि खाणी यांच्यासाठी १६९२ साली एदोच्या, म्हणजे आजच्या टोकियोच्या, शोगुनने (देशाच्या लष्करी सत्ताधीशाने) प्रांत थेट आपल्या ताब्यात घेतला. मग १७७ वर्षांत पंचवीस अधिकारी आले आणि गेले, त्यांची ही कचेरी. शोगुनकाळातल्या अशा कचेऱ्या देशभर होत्या, पण मुख्य इमारत शाबूत राहिलेली ही एकटीच. १९६९पर्यंत इथे सरकारी कामकाजही चालू होतं.

त्या ऑक्टोबरातले गाइड पंचाहत्तरीच्या आसपासचे होते, गावातलेच, स्वयंसेवक. गळ्यात प्लास्टिक चढवलेल्या चित्रांची वही, हातात वस्तू दाखवायची बारीक बांबूची काठी. आमचा मुंबईहून आलेला टूर मॅनेजर दारातच मला म्हणाला, "आत पस्तीस मिनिटं, मॅडम. बाहेर बाजाराला वेळ ठेवा." माणूस कामाचा आहे, हरवलेली औषधांची पिशवी त्याने रात्री अकराला शोधून दिल्याचं मी पाहिलंय. पण जिथे ऐकायचं असतं तिथला वेळ त्याला वाया गेल्यासारखा वाटतो, आणि हे मला कधीच पटलेलं नाही.

प्रवेशाच्या दालनात भिंतीवर निळ्या लाटांची नक्षी आहे, आतल्या तुळयांवर खिळे झाकणारे लाकडी ससे. सशांना दर वेळी पाच मिनिटं जातात, सगळ्यांना फोटो हवा असतो. तातामीच्या काठाच्या पट्टीवरून तिथे बसणाऱ्याचा हुद्दा कळायचा, हे सांगितलं की लोक खाली बघत चालायला लागतात. इथपर्यंत मी एक शब्द सोडला नव्हता.

मग न्यायचौक आला. खडी पसरलेली, वर छप्पर. एका बाजूला दातेरी लाकडी पाट, त्यावर आरोपीला गुडघ्यांवर बसवून मांड्यांवर दगडी लाद्या रचत. गाइड तिथे थांबले, वही मिटली आणि बोलू लागले. सशांबद्दल बोलताना ते वहीत बघत होते, इथे नाही. मध्येच वाकून त्यांनी हातातली काठी जमिनीला लावली, टोकाशी बोट ठेवलं, काठी उचलून बोटापुढे टाकली, पुन्हा बोट, पुन्हा काठी. असं चार वेळा. सहा-सात मिनिटं झाली असतील. मागून मॅनेजर घड्याळावर बोट आपटत होता.

आणि मी मराठीत म्हणाले, "इथे आरोपींचे जबाब घेत असत. अठराव्या शतकात या भागात शेतकऱ्यांचा मोठा उठाव झाला, त्यातल्या अनेकांना इथून शिक्षा झाल्या. चला, आता कोठार बघू."

'उठाव' हा शब्द मात्र मी नीट निवडला होता. जपानीतल्या 'इक्की'ला शब्दकोश बंडही म्हणतो. बंड हा कचेरीतल्या माणसाचा शब्द, तो मी वापरत नाही. शब्दाची एवढी काळजी घेतली आणि गोष्टच गाळली.

धान्याचं कोठार मूळचं किल्ल्यातलं. १६९५ साली किल्ला पाडला तेव्हा ते उचलून इथे आणलं. भाताचा दाब बाहेर येतो म्हणून त्याचे खांब मुद्दाम आत कललेले आहेत, छपरावर लाकडी फळ्या आणि त्यांवर दगड. आत शेतसाऱ्याच्या भाताची पेंढ्याची पोती रचून ठेवली आहेत. ही सगळी माहिती मी पूर्ण सांगितली. हिदाच्या सुतारांची तर माझी आवडती: आठव्या शतकातल्या कायद्याप्रमाणे या गरीब डोंगरी प्रांताने काही कर भरायचे नाहीत, त्याऐवजी दर पन्नास घरांमागे दहा सुतार राजधानीला पाठवायचे. देवळं आणि राजवाडे त्यांच्या हातून उभे राहिले.

तेव्हा गटातले एक काका जवळ आले. साताऱ्याकडचे, सत्तरी ओलांडलेले, चार दिवसांत कोणाशी फार बोलले नव्हते.

"ताई, ते मघाशी मोजणीबद्दल बोलत होते ना?"

मी चमकले. काकांना जपानीतलं धन्यवादसुद्धा येत नव्हतं.

"काठी टाकत होते ते. मी एकतीस वर्षं भूकरमापक होतो. साखळी, शंकू, फळा, सगळं केलंय. ती काठी मला कळली." मग अजिबात न रागावता म्हणाले, "ते सात मिनिटं बोलले, तुम्ही दोन वाक्यं सांगितलीत. बाकीचं काय होतं?"

बाहेर मॅनेजर माणसं मोजत होता. मी म्हटलं, बसमध्ये सांगते. पण बसमध्ये माइकवरून शिराकावागोच्या सूचना द्यायच्या होत्या, मग जेवणाच्या जैन डब्यांचा घोळ झाला, मग लोक झोपले.

त्याआधी ताकायामाच्या जुन्या वस्तीच्या, सान्माचीच्या, गल्ल्या होत्याच. काळपट लाकडी जाळ्यांची बुटकी घरं, कडेने वाहणारं पाणी, साकेच्या, म्हणजे तांदळाच्या दारूच्या, दुकानांपुढे टांगलेले सुगी झाडाच्या पानांचे गोळे. नवी साके झाली की हिरवागार गोळा टांगतात, तो पिकत पिकत तपकिरी होतो. लोकांनी बिनचेहऱ्याच्या लाल बाहुल्या घेतल्या, सोया सॉस लावून भाजलेले तांदळाचे गोळे खाल्ले. ते इथे गोड नसतात, आपल्या लोकांना आवडतात. काका पाण्याच्या पाटाशी उभे राहून एका घराची रुंदी पावलांनी मोजत होते.

रात्री कानाझावाच्या हॉटेलात लॉबीत बसून मी त्यांना सगळं सांगितलं. १७७३ साली अधिकाऱ्याने प्रांताची नव्याने मोजणी काढली. फक्त नव्याने लागवडीला आणलेली शेतं मोजू, असं आधी सांगितलं होतं, प्रत्यक्षात जुनीही मोजायला घेतली. शेताचं क्षेत्र वाढलं की कागदावर भात वाढतो, कागदावर भात वाढला की शेतसारा वाढतो. गावोगावचे शेतकरी मिनाशी देवस्थानात जमले. शेजारच्या संस्थानांचे सैनिक आणून देवस्थानाच्या आवारातच गोळ्या झाडल्या. पुढाऱ्यांना मृत्युदंड झाला, त्यांतला एक होता अठरा वर्षांचा. मरण्याआधी त्याने बायकोला पत्र लिहिलं. मोजणी काढणाऱ्या अधिकाऱ्याला पुढे बढती मिळाली.

काका बराच वेळ काही बोलले नाहीत. मग विचारलं, "काठी केवढी होती?"

मला माहीत नव्हतं.

"ते आधी विचारायचं असतं," ते म्हणाले. "आपल्याकडे शिवकाळात पाच हात पाच मुठींची काठी. हात कोणाचा, मूठ कोणाची, यावर सगळं." मग म्हणाले, एका गावात एक बाई साखळीवर येऊन बसली होती, उठेचना. पोलीस पाटलाने तिला उठवली. मोजणी बरोबर होती, दोनदा तपासली होती. "पण ताई, मी त्या काठीकडचा माणूस. म्हणून मला ऐकायचं होतं, काठीपुढे उभे राहिलेले काय म्हणाले ते."

हे मी जाणूनबुजून केलं नव्हतं, असं मला म्हणता येत नाही. ससे ठेवायचे आणि उठाव गाळायचा हे मीच ठरवलं, अर्ध्या सेकंदात. मॅनेजरने फक्त घड्याळ दाखवलं. आणि अशी किती सात मिनिटं मी आजवर दोन वाक्यांत संपवली असतील, त्याचा हिशेब लागत नाही, कारण काठी ओळखणारा माणूस प्रत्येक गटात नसतो.

नोव्हेंबरात मी माझ्या खर्चाने हिदा एक्सप्रेसने ताकायामाला गेले. ते गाइड कचेरीसमोरच्या सकाळच्या बाजारात भेटले, लाल मुळे घेत होते. मी माफी मागितली. ते म्हणाले, "तुम्ही छोटं केलंत ते कळलं मला. भाषा येत नाही, पण लांबी कळते. एक जण माझ्या हाताकडे बघत होते, ते कोण?" मी सांगितलं. ते मुळ्यांची जुडी हातात धरून तसेच उभे राहिले.

काठीचं त्यांनी नीट समजावलं. सोळाव्या शतकाच्या शेवटी, जपानचा तेव्हाचा सत्ताधीश हिदेयोशी याच्या मोजणीत काठी सहा शाकू तीन सून, पुढे एदोच्या शोगुनांच्या काळात ती सहा शाकू एक बू झाली. शाकू म्हणजे साधारण ३० सेंटीमीटर, सून त्याचा दहावा भाग, बू त्याचाही दहावा. म्हणजे १९१ सेंटीमीटरची काठी १८२वर आली.

सगळं मी काकांना व्हॉट्सअॅपवर बोलून पाठवलं, सात मिनिटांहून जास्त झालं. तासाभराने वहीच्या पानाचा फोटो आला. ६.३चा वर्ग, ६.०१चा वर्ग, भागाकार, आणि खाली सरळ अक्षरात: 'तेच शेत, नवी काठी, क्षेत्र जवळपास १० टक्के जास्त. बांध हलला नाही.'

त्याखाली आणखी एक ओळ होती. 'त्या मुलाचं नाव नीट ऐकू आलं नाही. पुन्हा सांगा.'

मी गाडीत होते, शेजारी माणसं झोपलेली. दाराजवळ जाऊन उभी राहिले आणि हळू बोलून पाठवलं: होंगो गावचा झेन्कुरो.