मोरचूदाच्या पाण्यात तांबं किती उरलं: पुढची नोंद

मागच्या नोंदीत मोरचूदाच्या (निळ्या कॉपर सल्फेटच्या) द्रावणात तांब्याच्या दोन पट्ट्या बुडवून करंट सोडला होता. त्यानंतर मांडणीत एकच बदल केला. ॲनोडची (धन टोकाची) तांब्याची पट्टी काढली आणि जुन्या सेलमधली कार्बनची कांडी लावली. दोन्हीकडे तांबं असलं की कॅथोडवर (ऋण टोकावर) जेवढं चढतं तेवढंच ॲनोडवरून विरघळतं, द्रावणाची संहती (लिटरमागे तांबं किती) हलतच नाही. पाहायला मात्र तीच मांडणी देखणी: मागून टॉर्च धरला की कॅथोडजवळचं विरळ झालेलं द्रावण वर चढताना आणि ॲनोडपासून दाट धार खाली उतरताना दिसते. ढवळलं की सगळं सारखं.

कार्बन लावल्यावर तिथे पाणी फुटतं, ऑक्सिजन सुटतो, आणि गेलेल्या तांब्याची भरपाई होत नाही. आता संहती मोजण्यात अर्थ आहे.

मोरचूद वरूडच्या मामांच्या संत्राबागेतलं, बोर्डो मिश्रण (मोरचूद-चुन्याचं बुरशीनाशक) करून उरलेलं. पाकिटावर तांबं 24 टक्के लिहिलंय. शुद्ध स्फटिकात ते 25.45 टक्के भरतं. म्हणून 249.7 ने (शुद्ध मोरचूदाच्या एका मोलच्या वजनाने; मोल म्हणजे कण मोजायचं एकक) भागण्याऐवजी पाकिटाचा आकडा धरला. 25 ग्रॅम मोरचूदात 6 ग्रॅम तांबं, भागिले 63.55 (तांब्याच्या एका मोलचं वजन), म्हणजे 0.0944 मोल. अर्ध्या लिटरात 0.189 मोल प्रति लिटर. पाणी बॅटरीत घालायचं डिस्टिल्डच. आमच्या खारपाणपट्ट्यातलं बोअरचं पाणी घेतलं तर मोरचूद टाकताच ते गढुळतं, थोडं तांबं साक्यातच बसतं, वर क्लोराइडमुळे कार्बनपाशी क्लोरीन सुटू शकतो.

लाइनचा भरवसा नाही, म्हणून फवारणी पंपाची 12 व्होल्टची बॅटरी. ती उतरते तसा करंट घसरतो आणि करंट गुणिले वेळ या गुणाकाराला अर्थ राहत नाही. त्यावर एलएम317 (रेझिस्टरवर 1.25 व्होल्ट स्थिर ठेवणारी आयसी) आणि 2.5 ओहम (10 ओहमचे चार रेझिस्टर समांतर) हा जोड उत्तम: 1.25 भागिले 2.5, करंट 0.5 अँपियरवर स्थिर. आयसी चांगलीच तापते, हीटसिंक लावाच.

दोन तास, म्हणजे 7200 सेकंद. गुणिले 0.5, एकूण 3600 कूलोम. 96485 ने (एक मोल इलेक्ट्रॉनांचे कूलोम) भागलं तर 0.0373 मोल इलेक्ट्रॉन. तांब्याच्या एका आयनाला दोन लागतात, म्हणून 0.01866 मोल तांबं, वजनात 1.19 ग्रॅम. संहतीत घट 0.037, उरायला हवं 0.152.

पट्टी धुऊन, वाळवून सोनाराच्या काट्यावर ठेवली: वाढ 1.12 ग्रॅम. त्यावरून उरलेली संहती 0.154 येते. पण तळाशी लालसर भुकटी होती, कडांवरून गळालेली. ती काट्यावर आली नाही तरी द्रावणातून गेलीच आहे, त्यामुळे खरा आकडा या दोहोंच्या मधे कुठेतरी. माझा कल 0.152 कडे.

मोठा घोटाळा बाष्पीभवन करतं. मे महिन्यातल्या आपल्याकडच्या झळांत 500 चे 485 मिली झाले की तेवढंच तांबं असूनही संहती 0.152 ऐवजी 0.157 दिसते. शेवटी खुणेपर्यंत पाणी भरून, ढवळून मगच नमुना घ्यायचा. आई रोज विचारते, "हे निळं पानी कायले ठेवलं रे?" झाकण तिच्यामुळेच आलं, बुडबुड्यांसाठी त्याला भोक ठेवलंय.

आणखी एक: तांब्याचा एक आयन गेला की ॲनोडपाशी हायड्रोजनचे दोन आयन तयार होतात. म्हणून निळेपणा उतरतो तशी आम्लता चढते, पीएच पट्टी 2 च्या खाली जाते. तांबं फार कमी झालं की कॅथोडवर हायड्रोजनही निघू लागतो, थर काळपट आणि भुसभुशीत बसतो. तिथून पुढे कूलोमवरून तांबं काढू नका, वजनच धरा.

आता 0.10, 0.15 आणि 0.20 ची तीन द्रावणं सारख्या बाटल्यांत भरून ठेवली आहेत. तांब्याचा आयन लाल प्रकाश शोषतो, त्यामुळे पांढऱ्या कागदासमोर फोटो काढून फक्त लाल रंगाचा आकडा ताडून पाहणार.