शिआनमधला गुरुवार

"आज गुरुवार आहे," आई म्हणाली.

समोर निखाऱ्यांवर मटणाच्या सळ्या चरचरत होत्या, वरून जिऱ्याची पूड आणि लाल तिखट पडत होतं. आमच्या गाईडने त्यातल्या सहा सळ्या कागदात धरून आमच्यापुढे केल्या होत्या. नेमकं तेव्हा आईने हे जाहीर केलं. मी फोन बघितला. होताच गुरुवार. प्रवासात वार कुणाच्या लक्षात राहतात? आईच्या.

चूक माझीच, हे आधी कबूल करते. चीनमधल्या शिआन शहरातली ही संध्याकाळची खाद्यसफर मी पुण्यात बसून दीड महिना आधी ठरवली होती. तीही खाजगी, म्हणजे गाईड फक्त आम्हा दोघींसाठी. दोघींचे मिळून १,२०० युआन, आपले चौदा-पंधरा हजार रुपये. एवढ्या पैशांत शिआनच्या गल्ल्यांतून दोघी आठवडाभर जेवल्या असत्या, हे तिथे गेल्यावर कळलं. फॉर्ममध्ये 'काय चालत नाही' असा रकाना होता. त्यात मी 'बीफ नाही, पोर्क नाही, मटण-चिकन चालेल' असं भरलं. वाराचा रकाना नव्हता. शिवाय सफर मुळात बुधवारची होती, बेइजिंगहून यायच्या गाडीचं जमेना म्हणून मीच ती एक दिवस पुढे ढकलली. ढकलताना तारीख बघितली, वार नाही.

"अगं आई, पैसे भरलेत आपण!" मी म्हटलं. आवाज चढला असणार, कारण सळ्या भाजणारा बुवा हातातला पंखा थांबवून आमच्याकडे बघायला लागला. आई काही बोलली नाही. सहावारीचा पदर खोचला, स्पोर्ट्स शूजची लेस उगाचच सोडून पुन्हा बांधली आणि रस्त्यापलीकडे बघत उभी राहिली. हे मौन मला लहानपणापासून ओळखीचं आहे. ह्युएनत्संग सातव्या शतकात महाराष्ट्रात येऊन गेला, पुलकेशीच्या काळात. इथली माणसं उपकार विसरत नाहीत आणि अपमानाचा सूड घेतल्याशिवाय राहत नाहीत, असं त्याने लिहून ठेवलंय. तो भिक्षू ६४५ साली परत आला तो याच शहरात, तेव्हाच्या चांगआनमध्ये. भारतातून आणलेल्या पोथ्या ठेवायला ६५२ मध्ये बांधलेला त्याचा पॅगोडा आम्ही आदल्या दिवशीच बघितला होता. तिथे मी आईला हे वाक्य मोठ्या कौतुकाने सांगितलं होतं. आता त्याचं प्रात्यक्षिक चालू होतं.

मधल्यामध्ये बिचारी गाईड. पंचवीस-सव्वीसची मुलगी, इंग्रजी फर्डं, खांद्याला कापडी पिशवी आणि पिशवीत आठ थांब्यांची छापील यादी. आठातले पाच मांसाहारी. "आज आई मांस खात नाही, कारण आज गुरुवार आहे," असं मी तिला सांगितलं, तेव्हा ती माझ्याकडे बघतच राहिली. आई शाकाहारी आहेत का? नाही. आजारी आहेत का? नाही. उद्या खातील? हो, उद्या खाईल. मग आज का नाही? तर आज गुरुवार आहे. इंग्रजीत हे सांगताना माझं मलाच ते खुळचट वाटायला लागलं, आणि तसं वाटल्याबद्दल आईचा आणखी राग आला.

मग एकदम तिचा चेहरा उजळला. तिची आजी दर चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी मांसाला शिवत नाही म्हणे. मी ते आईला सांगितलं.

"म्हणजे अवस-पुनव," आई म्हणाली. माझ्याशी नव्हे, त्या मुलीशी. मराठीत.

त्या मुलीने यादी घडी करून पिशवीत टाकली. सहा सळ्या मी आणि आमच्या तीनचाकीच्या ड्रायव्हरकाकांनी संपवल्या (फार उत्तम होत्या, हे आईसमोर बोलले नाही). तिथून पुढची सफर तिने उभ्या-उभ्या नव्याने रचली. प्रत्येक दुकानात शिरायच्या आधी ती आत डोकावून विचारायची, "सू दे मा?" सू म्हणजे शाकाहारी. तिसऱ्या दुकानापर्यंत आईने तो शब्द उचलला. दुकानदाराकडे बोट करून तीच विचारायला लागली, "सू?" आणि मान हलली की आत.

आणखी एक गोष्ट घडली होती, माझ्या लक्षात ती उशिरा आली. ही मुलगी आईला पहिल्या मिनिटापासून 'आयी' म्हणत होती. "आयी, इकडे", "आयी, सांभाळून, गरम आहे". आईला वाटलं, किती गोड पोरगी, परक्या देशात आपल्याला आई म्हणते. चिनीत 'आयी' म्हणजे मावशी, कुठल्याही मोठ्या बाईला असंच म्हणतात. मी हे आईला रात्री सांगितलं, जरा खवचटपणेच. ती म्हणाली, "मग काय बिघडलं? माय मरो नि मावशी जगो."

मुस्लिम मोहल्ल्याच्या मुख्य रस्त्याबद्दल मला फार लिहायचं नाही. ढोल मनोऱ्यामागचा हा रस्ता सगळ्या व्हिडिओंमध्ये दिसतो आणि सगळे व्हिडिओ काढणारेही तिथेच असतात. गणपतीत लक्ष्मी रोडला असते तशी गर्दी, वर फ्लेक्सचा लखलखाट, दोन माणसं लाकडी हातोड्यांनी शेंगदाण्याची चिक्की कुटताहेत, डाळिंबाचा रस, आणि दर दहा पावलांवर टांगलेला सोललेला बोकड. गुरुवारी. आई मान खाली घालून चालत होती. गाईडने आम्हाला तिथे पाच मिनिटंही थांबू दिलं नाही, याबद्दल तिला पूर्ण गुण. लाकडाच्या इवल्याशा साच्यात वाफवलेला तांदळाच्या पिठाचा एक गोड गोळा तेवढा घेऊन दिला, काडीला खोचलेला, वर तीळ-साखर. "मोदक फसला की असा लागतो," आई म्हणाली. मौन सुटल्याची ही पहिली खूण, म्हणून मी वाद घातला नाही. मग आतल्या गल्ल्यांतून सजीनछ्याओच्या बाजूला. तिथे दिवे कमी, माणसं तिथलीच, आणि तळलेली पर्सिमनची पुरी. आत साखर आणि कसल्याशा फुलांचा वास, बाहेरून केशरी, चावताना जीभ भाजते. आईने दोन खाल्ल्या.

नंतर तीनचाकीतून तटाच्या कडेकडेने नूडल्सच्या दुकानात. मिंग काळातला हा तट पावणेचौदा किलोमीटरचा आहे आणि आजही जुन्या शहराला पूर्ण वेढून आहे. त्यावर सायकली मिळतात, आम्ही काही चढलो नाही. दुकान म्हणजे सहा टेबलं. बोटभर रुंदीचे, पट्ट्यासारखे लांब नूडल्स वाडग्यात आले, त्यावर तिखट, मीठ, चिरलेला लसूण नि पात. आणि मग आचाऱ्याने पळीतलं कडकडीत तेल आमच्या डोळ्यांदेखत वरून ओतलं. चर्र झालं. धूर नाकात गेला, आई शिंकली आणि पहिल्यांदा मोकळी हसली. "अगं, ही तर वरून फोडणी!"

शेजारच्या टेबलावर एक आजोबा नूडल्सबरोबर लसणाच्या कच्च्या पाकळ्या सोलून खात होते, आपल्याकडे भाकरीबरोबर कांदा फोडून खातात तसे. शेवटी नूडल्स उकळलेलं पाणी वाडग्यातून प्यायला आलं. ज्या पाण्यात शिजलं त्याच पाण्याने ते पचतं, असं इथे मानतात. आईने ते पेज प्यावी तसं फुंकून-फुंकून प्यायलं आणि माझंही प्यायली.

इथे सफर संपली असती तरी पैसे वसूल होते. पण गाईडची अडचण झाली होती. यादीतल्या शेवटच्या थांब्यावर, यांगरौ पाओमोच्या हॉटेलात, आमची जागा राखून ठेवलेली. पाओमो म्हणजे मटणाच्या रश्शात शिजवलेले रोटीचे तुकडे. शिआनला येऊन हे न खाता जाणं म्हणजे कोल्हापूरला जाऊन तांबडा-पांढरा न चाखता परतणं. ती मला हळूच म्हणाली, तुम्ही एकट्या खा, आयी बसतील ना नुसत्या? मी आईला विचारलं. "बसते की. मला काय वास चावतो?"

बसलो. टेबलावर दोन मोठे वाडगे आले, प्रत्येकात दोन जाड, पांढऱ्या, अर्ध्याकच्च्या रोट्या. त्या आपणच तोडायच्या. हातानेच. आणि तुकडे केवढे? मधमाशीच्या डोक्याएवढे, असं तिकडचं माप आहे. मग वाडगा आत जातो, तुकडे बघून आचारी किती रस्सा, किती आच ते ठरवतो, आणि तुमचाच वाडगा तुमच्याकडे परत यावा म्हणून तुम्हाला नंबराचा बिल्ला देतात. रोटी अशी चिवट की पाच मिनिटांत माझी बोटं दुखायला लागली. मी भराभर सुपारीएवढे तुकडे करून वाडगा पुढे सरकवला. वाढणाऱ्या बाईंनी त्यात नजर टाकली, नाही म्हणून मान हलवली आणि तो होता तिथे ठेवून गेल्या.

तोवर आईने दुसरा वाडगा पुढे ओढला होता. तिला तर खायचंच नव्हतं. "नुसतं बसून काय करू?" दोन्ही अंगठ्यांनी, खाली न बघता ती रोटी चुरायला लागली. आमच्या साताऱ्याकडे मटणाच्या रश्शात भाकरी अशीच चुरतात, हे मला तेव्हा आठवलं. माझ्या पिढीने ते सोडलं. चारचौघांत बरं दिसत नाही म्हणून मीच एकदा तिला त्यावरून टोकलंय, एका लग्नात.

पाऊण तास झाला असेल. गाईडही आमच्याबरोबर चुरायला बसली. चुरता-चुरता तिने विचारलं, पण गुरुवारच का? मी भाषांतर केलं आणि उत्तर मनात तयार ठेवलं : दत्ताचा वार. आई म्हणाली, "सासूबाई पाळायच्या म्हणून. त्या होत्या तोवर त्यांच्यासाठी पाळला. त्या गेल्यावर लगेच सोडला असता, तर त्या जायची वाटच बघत होते असं दिसलं असतं. मग राहिला तो राहिलाच."

मला हे माहीत नव्हतं. बेचाळीस वर्षांची झाले, दर गुरुवारी घरात वरण-भात खाल्ला, आणि मी कधी विचारलंच नव्हतं. आजीला जाऊन एकोणीस वर्षं झाली.

मी भाषांतर करून सांगितलं, तर ती मुलगी खो-खो हसायला लागली. म्हणाली, मी आजीला सांगते की मीही पहिल्या-पंधराव्याला पाळते. पण माझं तर कामच हे. त्या दिवशी पाहुणे आले तर सळ्या खाव्याच लागतात. आजीला वास येतो, ती काही बोलत नाही. आईला हे सांगितल्यावर आई म्हणाली, "तिला म्हणावं, आजीला ठाऊक असतं सगळं." यापुढे त्या दोघींनी मला फारसं विचारलं नाही. एक चिनीत, एक मराठीत, मध्ये फोनवरचं भाषांतर. ते काय सांगत होतं देव जाणे, पण दोघी माना डोलवत होत्या.

आईने चुरलेला वाडगा पास झाला. तो गाईडने खाल्ला, आधी नको-नको केलं, मग तळापर्यंत. माझा वाडगा आईने परत बारीक करून दिला तेव्हा कुठे आत गेला. आला तेव्हा मी चमच्याने ढवळला आणि त्यावरूनही बोलणी खाल्ली. ढवळायचं नसतं, कडेकडेने खात यायचं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मातीचे सैनिक, म्हणजे चीनच्या पहिल्या सम्राटाच्या थडग्याजवळ पुरलेले पुतळे. १९७४ साली शेतकऱ्यांना विहीर खणताना ते सापडले, असं ऐकल्यावर आईचा एकच प्रश्न : "मग विहिरीला पाणी लागलं का?" हजारोंची ती फौज बघताना माझं अर्धं लक्ष घड्याळाकडे होतं, कारण आईने बजावून ठेवलं होतं, दुपारचं जेवण कालच्याच हॉटेलात.

या वेळी गाईड नव्हती. आदल्या रात्रीचा फोटो दाखवला, दोन बोटं वर केली, चार रोट्या आल्या. आईने माझ्या दोन मला न विचारताच घेतल्या. वाढणाऱ्या बाई त्याच होत्या, त्यांनी आईला ओळखलं. बिल्ले दिले, वाडगे नेले, वाफाळते परत आणले, बरोबर गोडसर मुरवलेला लसूण. आईने कडेकडेने चार घास खाल्ले, जराशी थांबली आणि पर्समधून कांदा-लसूण मसाल्याची बाटली काढली. एक चिमूट कडेला टाकली, घास घेतला, मान हलवली. बाई पलीकडून बघत होत्या. त्या आल्या, बाटली उचलून वास घेतला आणि आपला तळहात पुढे केला.